उजेडाचा दावा

"वादीतर्फे कोण आहे?"

न्यायाधीशांनी दुसऱ्यांदा विचारलं तेव्हा मुदतरावांनी हातातला अर्ज आणखी थोडा पुढे केला, जणू तो कागदच वादीतर्फे उभा होता.

"मुदतीचा अर्ज आहे साहेब. पुढची तारीख मिळावी एवढीच विनंती. आमचे वकीलसाहेब येतीलच एवढ्यात."

"तुम्ही कोण?"

"मी त्यांचा कारकून."

"मग तुम्हाला इथं बोलता येणार नाही. वकील कुठं आहेत?"

"येतीलच साहेब. इमारतीतच आहेत."

न्यायाधीश नवीन बदलून आले होते. वयानं मुदतरावांच्या थोरल्या मुलीएवढे असतील. रागावले नाहीत, आवाजही चढवला नाही. त्यांनी फक्त फाइल चाळून पाहिली आणि याआधी किती वेळा तारीख दिली गेली आहे ते पाहून भुवया उंचावल्या.

"बरं, वादी स्वतः आहेत का हजर?"

वादी हजर नव्हत्या. आणि त्या का हजर नव्हत्या हे तिथे बसलेल्यांपैकी फक्त मुदतरावांना ठाऊक होतं, कारण 'येऊ नका' असं त्यांनीच सांगून ठेवलं होतं.

शिपाई दारात गेला आणि त्यानं व्हरांड्याच्या दोन्ही टोकांना तोंड करून बाईंचं नाव तीनदा पुकारलं. बाकांवरच्या माणसांनी माना वळवून पाहिलं. कुणीच उठलं नाही. समोरच्या बाजूला प्रतिवादी, म्हणजे बाईंचा धाकटा दीर, परीटघडीचा शर्ट घालून बसला होता. तोसुद्धा दाराकडे पाहत होता, वहिनी येते की काय म्हणून.

"वादी आणि वादीचे वकील, दोघंही गैरहजर. दावा काढून टाकण्यात येत आहे. पुढचं प्रकरण घ्या."

चार वर्षं चाललेला दावा मुदतरावांच्या डोळ्यांदेखत एका ओळीत संपला. त्यांच्या हातातला अर्ज कुणी घेतला नाही आणि कुणी परतही केला नाही, कारण तो दिला गेलेलाच नव्हता. पुढच्या प्रकरणाची माणसं पुढे आली, आणि त्यांना वाट द्यायला हवी म्हणून मुदतराव बाजूला झाले.

'मुदतराव' हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. ते वकीलसाहेबांनी ठेवलं होतं, फार पूर्वी, चेष्टेत. पुढे अख्खं कोर्ट त्यांना तेच म्हणू लागलं, आणि खरं नाव पगारापुरतं उरलं. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मुदतराव ती रोज चढत, आणि स्वतःला चांगलेच शहाणे समजत. कारण त्यांना एक कला साधली होती, तारीख मिळवण्याची. कोणत्या न्यायाधीशांपुढे जेवणाच्या सुट्टीआधी जायचं आणि कोणत्या न्यायाधीशांपुढे नंतर, कुठं चेहरा पाडायचा आणि कुठं नुसतं अदबीनं उभं राहायचं, याचं त्यांचं एक शास्त्रच होतं. समोरच्या वकिलाला आधीच चहा पाजून 'हरकत नाही' म्हणायला लावण्यात तर त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता. "तुम्ही यमाकडूनही तारीख घेऊन याल," असं साहेब म्हणत, आणि मुदतराव लाजून हसत.

पण गेली दोन वर्षं ही कला गरज होऊन बसली होती. साहेब विसरू लागले होते.

सुरुवात अगदी साधी झाली. एकच गोष्ट दोनदा विचारायची, चष्मा डोळ्यांवर असताना शोधायचा. असं कुणाचं होत नाही? मग एकदा भर कोर्टात त्यांनी समोरच्याच पक्षकाराची बाजू मांडायला सुरुवात केली, आणि मांडली इतकी सुरेख की न्यायाधीशांना गंमत वाटली. साहेब विनोद करताहेत असं समजून सगळे हसले. मुदतराव हसले नाहीत. त्या दिवसापासून ते साहेबांच्या अर्धं पाऊल मागून चालू लागले आणि कोर्टाच्या दारात शिरताना कानात सांगू लागले, "विहिरीचा वाद. आपण वादीचे. समोर तो टकला वकील." चांगल्या दिवशी तेवढं पुरे. वाईट दिवशी मुदत घ्यायची. साहेबांची पत्नी जाऊन बरीच वर्षं झाली होती. मुलगी सातासमुद्रापलीकडे, रविवारी फोन करणारी. रविवारी साहेबांना फोनवर छान बोलता येई. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात, ती मूठ मुदतरावांनी आवळून धरली होती.

या दाव्यातल्या वादीला, रफूवाल्या बाईंना, त्यांनी 'येऊ नका' म्हटलं ते यातूनच. वरवर पाहता कारण चांगलंच होतं. बाई रफूचं काम करून पोट भरत. दर तारखेला त्यांचा दिवस मोडे. "ताई, कशाला उगाच हेलपाटे घालता? नुसती तारीखच तर पडणार. मी आहे ना. साक्षीच्या वेळी बोलावीन." हे सांगताना मुदतरावांना मनापासून बाईंची कणव वाटत होती. पण बाई येत राहिल्या तर एक ना एक दिवस त्यांना साहेबांची अवस्था कळेल, हेही त्यांच्या मनात होतं. कणव किती आणि लपवालपवी किती, हे त्यांनी स्वतःलाही कधी विचारलं नव्हतं.

त्या दिवशी मात्र साहेबांचा दिवस चांगला निघाला होता. म्हणून तर मुदतरावांनी त्यांना वकिलांच्या खोलीत चहा देऊन बसवलं आणि सांगितलं, "नंबर आला की मी न्यायला येतो, इथून हलू नका." नंबर आला, ते न्यायला गेले, तर खुर्ची रिकामी आणि चहा निम्मा. शोधत बसावं तर वर पुकारा होणार. म्हणून ते नेहमी जवळ तयार ठेवलेला अर्ज घेऊन वर धावले, आणि पुढे जे झालं ते झालं.

साहेब सापडले तळमजल्यावर, जुन्या कोर्टात. वर नवे मजले चढले त्याला पंधरा-वीस वर्षं झाली. जुन्या दालनात आता मोडकी बाकं आणि बांधलेली दप्तरं रचून ठेवलेली असत. त्या पसाऱ्यात साहेब काळा कोट घालून, एका खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून ताठ उभे होते. समोर न्यायाधीशांचा उंच ओटा अजून होता. त्यावर दप्तरांचे गठ्ठे होते.

"आलात? अजून आले नाहीत हे," साहेब ओट्याकडे पाहत हळू आवाजात म्हणाले. "आज उशीर करताहेत."

"आज सुट्टीवर आहेत साहेब."

"असं होय. मग आपलं काम?"

मुदतरावांच्या तोंडून चाळीस वर्षांच्या सवयीनं उत्तर गेलं. "तारीख मिळाली."

"शाबास," साहेब म्हणाले, आणि त्यांच्या खांद्यावर थोपटून बाहेर पडले.

मुदतरावांना त्या शाबासकीनं रडू यायचं बाकी राहिलं. ते मागून चालू लागले, नेहमीप्रमाणे अर्धं पाऊल मागून.

घरी त्यांनी जेवताना मान वर केली नाही. बायकोनं एक-दोनदा पाहिलं आणि ताटात वाढता वाढता विचारलं, "काय बिघडलंय? सांगणार आहात की मी ओळखू?"

त्यांनी सांगितलं. सांगताना निम्मं न्यायाधीशांवर ढकललं, थोडं नशिबावर. बायकोनं सगळं ऐकून घेतलं.

"त्या बाईला सांगितलंत?"

"सांगेन."

"सांगेन म्हणजे कधी? आता तिच्याकडेही मुदतच मागणार का?"

मुदतरावांच्या नाकाला मिरच्या झोंबल्या.

दुसऱ्या दिवशी ते रफूवाल्या बाईंकडे गेले. बाई दाराबाहेर, गल्लीतच खुर्ची टाकून बसल्या होत्या. मांडीवर कुणाचा तरी कोट, नाकावर घसरलेला चष्मा. गल्ली इतकी अरुंद की सायकल आली तरी त्यांना उठून खुर्ची उचलावी लागे. मुदतराव उभे होते तेवढ्यात त्या दोनदा उठल्या, दोनदा बसल्या, आणि प्रत्येक वेळी टाका कुठं होता ते शोधायला त्यांना वेळ लागला.

आत खोलीत खिडकी होती, चांगली मोठी. पण तिच्यातून हात बाहेर काढला तर विटांना लागे. नवरा गेल्यावर वाटणी झाली, परसातला भाग दिराकडे गेला, आणि दिरानं बरोबर खिडकीसमोर भिंत उचलली. "माझ्या जागेत माझी भिंत," असं त्याचं म्हणणं. बाई लग्न होऊन आल्या तेव्हापासून त्या खिडकीपाशी बसून रफू करत होत्या. सासूही तिथंच बसून करत असे, तिच्याकडूनच बाई शिकल्या. रफूला दिवसाचा उजेड लागतो. दिव्याखाली गडद निळा धागा काळ्यात जातो, आणि सकाळी गिऱ्हाईक कपडा परत आणून देतं. साहेबांनी तीन-तीनदा खोडून तो दावा लिहिला होता. इतकी वर्षं ज्या खिडकीतून घरात उजेड येतो आहे, तो कुणाला असा बंद करता येणार नाही. त्या वेळी साहेबांची बुद्धी तळपत होती. "आयुष्यभर लोकांच्या बांधांसाठी भांडलो मुदतराव," ते म्हणाले होते, "हा पहिला दावा उजेडाचा." ऑफिसात त्या फाइलीला तेच नाव पडलं होतं.

"भाऊ, या ना. पाणी देऊ?" बाईंनी विचारलं. "कितवी तारीख पडली?"

मुदतरावांनी तोंड उघडलं. मागून एक हातगाडी आली, बाई उठल्या, खुर्ची उचलली.

"कळवतो ताई," मुदतराव म्हणाले, आणि त्या हातगाडीच्या मागोमाग निघून गेले.

त्यानंतर त्यांनी गाठलं नव्या वकीलबाईंना. ही मुलगी साहेबांच्या शेजारच्या टेबलावर बसे. तिच्या पहिल्या खटल्यात साहेबांनी तिला आपली पुस्तकं दिली होती, तेव्हापासून साहेबांशी ती मान खाली घालून बोले. मुदतरावांना 'काका' म्हणे.

"दावा पुन्हा नंबरावर घ्या असा अर्ज देता येतो काका. महिन्याच्या आत द्यायचा," ती म्हणाली. "पण गैरहजेरीचं कारण पटलं पाहिजे. काय लिहू?"

"आजारी होते असं लिहा. सगळेच लिहितात."

"आजारी? त्या दिवशी ते कोट घालून या खोलीत चहा पीत होते. दिराचे वकील त्याच टेबलावर होते. ते उभे राहून सांगतील, आणि मग अर्जही जाईल आणि अब्रूही. आगीतून फुफाट्यात."

"मग?"

"मग खरं लिहावं लागेल. ते याच इमारतीत होते, पण आपण कुठं आहोत हे त्यांना कळत नव्हतं."

मुदतराव दचकले. "तुम्हाला कुणी सांगितलं?"

ती कागदांशी चाळा करत राहिली. "काका, सगळ्यांनाच ठाऊक आहे. गेल्या वर्षीपासून. शिपायालासुद्धा. तुम्ही इतकं सांभाळून घेत होतात, मग आम्हीही पाहिलं न पाहिल्यासारखं केलं."

मुदतराव खुर्चीत मागे टेकले. म्हणजे ती 'हरकत नाही', ते जुन्या न्यायाधीशांचं लगेच मान डोलावणं, ते समोरच्यांचं चहाला नाही न म्हणणं, यात त्यांची कला किती होती आणि लोकांची दया किती, कोण जाणे. त्यांना आधी लाज वाटली, मग रागही आला, आणि राग कुणावर धरावा ते समजेना.

"साहेबांना हे लिहून द्यावं लागेल?" त्यांनी विचारलं.

"त्यांनी किंवा तुम्ही. पण हे एकदा कोर्टात बोललं गेलं की त्यांची वकिली संपली. तुम्हीच ठरवा. मी त्यांना विचारायला जाऊ शकणार नाही, माझ्यानं होणार नाही ते."

मुदतरावांनी आठवडा घालवला. रोज सकाळी ठरवत आणि रोज संध्याकाळी उद्यावर टाकत. साहेबांची वकिली संपली की त्यांचंही काम संपणार होतं, हा विचार मनात येई. पण त्यापेक्षाही ते शब्द साहेबांच्या तोंडावर उच्चारायचे कसे, याचाच त्यांना धसका होता. शेवटी एका सकाळी ते गेले, कारण बायकोनं डबा हातात देताना नुसतं एकदा पाहिलं होतं.

साहेब सकाळी सगळ्यात चांगले असत. दाढी करून, स्वच्छ सदरा घालून ते टेबलाशी बसले होते.

"साहेब, तो उजेडाचा दावा."

"साक्षीला लागला असेल ना आता? बाईंची तयारी करून घ्यायला हवी. बाई बुजऱ्या आहेत."

"दावा निघाला साहेब."

"निघाला म्हणजे?"

"काढून टाकला. आपल्यातर्फे कुणीच हजर नव्हतं."

साहेबांनी आधी समोरच्या पेन्सिली सरळ लावल्या. मग विचारलं, "मी कुठं होतो?"

मुदतरावांनी हा प्रश्न मनात शंभर वेळा ऐकला होता. तरी उत्तर देताना त्यांनी नजर पेन्सिलींवरच ठेवली. "खाली. जुन्या कोर्टात."

"काय करत होतो?"

"न्यायाधीशांची वाट पाहत होतात."

"आणि तुम्ही मला काय सांगितलंत?"

"तारीख मिळाली म्हणून."

"मी काय म्हणालो?"

"शाबास म्हणालात साहेब."

साहेब हसले. खरोखरच हसले, खांदे हलेपर्यंत. मग चष्मा काढून त्यांनी डोळे पुसले, आणि चष्मा परत न लावता तसेच बसून राहिले. मुदतराव उभेच होते. त्यांना वाटलं, निघून जावं. वाटलं, साहेबांचे पाय धरावेत. त्यांनी दोन्हींपैकी काही केलं नाही.

"मला कळतं हो अधूनमधून," साहेब म्हणाले. "रात्री कळतं, सकाळी कळतं. जिन्यात एक पायरी नाही हे माहीत असावं, तसं. मग पाऊल टाकताना विसरायला होतं." त्यांनी चष्मा लावला. "बाईंना सांगितलंत?"

"नाही."

"मग इथं काय करताय? आधी पक्षकार, मग कोर्ट, मग आपली लाज. किती वेळा सांगितलंय मी तुम्हाला हे?"

"पुष्कळदा साहेब."

"मला आठवत नाही, पण सांगितलं असणारच." ते उठले. "त्या शेजारच्या मुलीला अर्ज करू द्या. वकीलपत्र तिला द्यायला सांगा. आणि अर्जात 'प्रकृती बरी नव्हती' असलं गुळमुळीत काही नको. 'स्मरण' हा शब्द लिहा. मी सही करतो, आत्ताच करतो, दुपारची खात्री नाही. तुमच्या वाट्याचं काय असेल ते तुम्ही तुमच्या प्रतिज्ञापत्रात लिहा."

"माझ्या वाट्याचं आहे साहेब. बाईंना येऊ नका म्हणून मीच सांगितलं होतं."

साहेबांनी त्यांच्याकडे पाहिलं. "का?"

"त्यांचा दिवस मोडू नये म्हणून. आणि..."

"आणि मी दिसू नये म्हणून," साहेबांनी वाक्य पुरं केलं. "जा आता. बाईंकडे जा."

या वेळी मुदतरावांनी गल्लीत पाऊल टाकल्या टाकल्या सांगून टाकलं, पाणीही न घेता. दावा गेला, साहेब असे आहेत, मी असं सांगितलं होतं. बाईंनी सुई कोटात खोचून ठेवली.

"मी आले असते तर?"

"तर न्यायाधीशांनी तुम्हाला विचारलं असतं. दावा राहिला असता."

"मग मला का नाही येऊ दिलंत?" बाईंचा आवाज चढला. शेजारची एक बाई दारात येऊन उभी राहिली. "मी कधी म्हटलं होतं की मला त्रास होतो? तुमचं तुम्हीच ठरवलंत. भाऊ, तिथल्या व्हरांड्यात, त्या शेवटच्या बाकापाशी दुपारपर्यंत कसला उजेड असतो! मी पिशवीत काम घेऊनच यायचे. महिन्याभराचं नाजूक काम राखून ठेवायचे मी तारखेच्या दिवसासाठी. नंबर येईपर्यंत टाके घालत बसायचे. आणि तुम्ही म्हणालात, नका येऊ. मोठ्या माणसानं सांगितलं, मला वाटलं, बसू देत नसतील."

व्हरांड्यातल्या त्या बाकावर बाईंना बसलेलं मुदतरावांनी कितीदा पाहिलं होतं. बिचारीचा दिवस मोडतो, असं मनात म्हणत ते त्यांच्यावरून पुढे गेले होते.

"चुकलं ताई," ते म्हणाले. "माझं चुकलं."

बाईंनी नाक ओढलं. पदरानं चष्म्याची काच पुसली. जरा वेळानं विचारलं, "साहेब जेवतात का नीट?"

"जेवतात. डबा घरून नेतो मी."

"अर्जाला सही माझी लागेल ना? चला मग."

अर्जाच्या सुनावणीला कोर्ट भरलेलं होतं. साहेब आले ते साध्या सदऱ्यात, कोटाशिवाय, आणि वकिलांच्या खुर्च्या सोडून मागे बघ्यांच्या बाकावर बसले. शेजारी मुदतराव. नव्या वकीलबाईंनी अर्ज वाचला. 'स्मरण' हा शब्द आला तेव्हा तिचा आवाज अडखळला, आणि दालनातली कुजबुज एकदम थांबली. दिराच्या वकिलांनी हरकत घेतली. असली कारणं मान्य केली तर उद्या प्रत्येक वकील विसरेल, असं ते म्हणाले. म्हणताना मागच्या बाकाकडे त्यांनी एकदाही पाहिलं नाही.

"संबंधित वकील हजर आहेत?" न्यायाधीशांनी विचारलं.

मुदतरावांनी कानात सांगण्याआधीच साहेब उठले होते.

"हजर आहे. अर्जातला मजकूर खरा आहे. त्या दिवशी मी याच इमारतीत होतो. पुकारा झाला तेव्हा मी चुकीच्या दालनात उभा होतो आणि मला ते कळलं नाही. पुढेही कळेल असं नाही. बाईंचा काही दोष नाही. त्यांना शिक्षा होऊ नये."

एवढंच बोलून ते बसले. न्यायाधीशांनी अर्ज पुढे ओढून त्यावर लिहायला सुरुवात केली.

"हरकत नोंदवली. अर्ज मंजूर. दावा पुन्हा नंबरावर घ्यावा. वादींनी यापुढे प्रत्येक तारखेला हजर राहावं."

"हो साहेब," रफूवाल्या बाई मागून एवढ्या मोठ्यानं म्हणाल्या की शिपायालाही हसू आलं.

साहेबांची बाकीची कामं हळूहळू दुसऱ्या वकिलांकडे गेली. मुदतराव सकाळी नव्या वकीलबाईंकडे बसू लागले आणि दुपारनंतर साहेबांकडे. आपण होऊन त्यांनी एकही मुदत मागितली नाही. बाई मात्र दर तारखेला पिशवी घेऊन येत, शेवटच्या बाकावर बसत, आणि नंबर लांबला तर त्यांचा चेहरा खुलत असे.

साक्षीचा दिवस उजाडला तेव्हा हिवाळा होता. साहेब सकाळपासून तयार होऊन बसले होते, म्हणून मुदतरावांनी त्यांना बरोबर घेतलं. दोघं मागच्या बाकावर बसले. रफूवाल्या बाई साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभ्या राहिल्या, शपथ घेतली. नव्या वकीलबाईंनी खिडकीबद्दल विचारलं आणि बाई सांगू लागल्या. सकाळी उजेड आधी चुलीवर कसा यायचा, मग भिंतीवर, दुपारी त्यांच्या मांडीवर. सासू कुठं बसायची, त्या कुठं बसायच्या. दीर लहान असताना त्याच खिडकीच्या कट्ट्यावर बसून पाटी लिहायचा, हेही त्यांनी सांगितलं. दीर खाली पाहत होता. बाई घाईही करत नव्हत्या आणि अडखळतही नव्हत्या.

साहेब लक्ष देऊन ऐकत होते. त्यांनी मुदतरावांकडे मान झुकवली.

"छान बोलताहेत बाई," ते कुजबुजले. "सगळं नीट, जागच्या जागी. वकील कोण आहे त्यांचा?"

मुदतरावांनी समोर पाहिलं. मग साहेबांच्या कानाशी वाकून, कोर्टाच्या दारात सांगत तसं सांगितलं, "आपणच साहेब. उजेडाचा दावा. आपण वादीचे."

"मी?"

"आपणच लिहिलाय तो."

साहेबांनी क्षणभर विचार केला. "मग मी बसलोय कसा?" ते म्हणाले, आणि उठून उभे राहिले.

शिपाई त्यांना बसवायला पुढे सरकला. न्यायाधीशांनी लिहिता लिहिता मान वर केली, मागे पाहिलं आणि हाताच्या खुणेनं शिपायाला थांबवलं. मग बाईंना म्हणाले, "हं, पुढे सांगा."

बाई पुढे सांगू लागल्या. साक्ष बराच वेळ चालली. ती संपेपर्यंत साहेब सदऱ्याची शेवटची गुंडी लावून, दोन्ही हात समोर धरून आपल्या पक्षकाराकडे पाहत ताठ उभे होते, आणि त्यांच्या अर्धं पाऊल मागे मुदतरावही उभे होते.